न राखलेल्या शेळ्या

१९७५ साली न्यूयॉर्कच्या पत्रकारांना एक झकास गोष्ट ऐकायला मिळाली. पीटर बिअर्ड नावाचा श्रीमंत घरातला एक अमेरिकन फोटोग्राफर. आफ्रिका म्हणजे त्याचा जीव की प्राण. तर हा गृहस्थ तिकडे रानात भटकत असताना त्याला शेळ्या राखणारी एक मुलगी दिसते. उंच, शेलाटी, लांब मानेची. हे रत्न तो पारखतो आणि मॅनहॅटनमध्ये आणून जगापुढे ठेवतो. पत्रकार खूश, वाचक खूश, मॉडेलिंग एजन्सी तर भलतीच खूश. परीकथाच की! फक्त राजपुत्राच्या हातात बुटाऐवजी कॅमेरा.

अडचण एवढीच, की त्या मुलीचा आणि शेळ्यांचा काडीचाही संबंध नव्हता.

तिचं नाव इमान. जन्म २५ जुलै १९५५, मोगादिशू, सोमालिया. वडील सोमालियाच्या परराष्ट्र सेवेत, सौदी अरेबियात राजदूत राहिलेले. मुलगी शिकली इजिप्तमधल्या बोर्डिंग शाळेत. १९६९ साली सोमालियात लष्कराने सत्ता घेतली, सियाद बारे सर्वेसर्वा झाला, आणि पुढे या कुटुंबाला देश सोडून केनियात पळून यावं लागलं. बिअर्डला ती दिसली ती नैरोबीच्या रस्त्यावर. तेव्हा ती नैरोबी विद्यापीठात राज्यशास्त्र शिकत होती. भाषा येत होत्या पाच: सोमाली, अरबी, इटालियन, फ्रेंच आणि इंग्रजी. आता बोला!

बिअर्डने तिला विचारलं, तुझे कधी कोणी फोटो काढलेत का? तिने नंतर अनेक मुलाखतींत सांगितलं आहे, की तिच्या मनात आलं, या गोऱ्या लोकांना वाटतं आम्ही कॅमेराच पाहिलेला नाही. मग तिने सरळ व्यवहाराचं विचारलं, पैसे किती देणार? तुला किती हवेत? आठ हजार डॉलर. ही तिची कॉलेजची फी होती. बिअर्ड कबूल झाला.

मला या सगळ्या प्रकरणात हा प्रसंग फार आवडतो. एक निर्वासित मुलगी आहे, घर गेलंय, देश गेलाय, शिक्षण अर्धवट आहे. समोर एक परका माणूस ‘तुझे फोटो काढू का’ म्हणतो, आणि ती हुरळून न जाता फीचा आकडा सांगते. ही खरी गोष्ट त्या शेळ्यांच्या गोष्टीपेक्षा कितीतरी सरस नाही का? पण ती विकली गेली नाही. विकली गेली ती दुसरीच.

का? माझ्या मते कारण साधं आहे. खऱ्या गोष्टीत कर्ती ती आहे. शेळ्यांच्या गोष्टीत कर्ता बिअर्ड आहे, ती फक्त कर्म. शाळेतलं व्याकरण आठवा. ‘बिअर्डने इमानला शोधलं.’ ज्याला शोधतात तो हरवलेला असतो, नाहीतर दगडासारखा पडून असतो. इमान ना हरवलेली होती, ना पडून. ती लेक्चरला चालली होती म्हणा ना!

बाहेरून आलेल्या माणसाच्या यशाची गोष्ट बहुतेक वेळा अशीच सांगितली जाते. त्याच्या आधीच्या आयुष्याची पाटी कोरी केली जाते, म्हणजे पुढचं सगळं श्रेय यजमानांच्या खात्यात जमा करता येतं. ऑनसाईट गेलेल्या मंडळींना याचा सौम्य डोस कधी ना कधी मिळालेला असतो. ‘तुझं इंग्रजी किती छान आहे!’ म्हणणारा माणूस वाईट नसतो, मनापासून कौतुकच करत असतो. पण पहिलीपासून इंग्रजी शिकलेल्या, कॉलेजची सगळी पुस्तकं इंग्रजीत वाचलेल्या माणसाने त्यावर काय बोलायचं? थँक यू म्हणायचं आणि कॉफी प्यायची.

आणि आपण स्वतः यातून सुटलोय असं समजू नका. दहावी-बारावीचे, स्पर्धा परीक्षांचे निकाल लागले की आपले पेपर काय छापतात ते बघा. अमुकच्या मुलाने गाठलं शिखर, तमुकच्या लेकीची गरुडझेप. मुलीने रोज किती तास अभ्यास केला, कुठलं गणित तिला आवडतं, हे चौथ्या परिच्छेदात. आधी गरिबी, कारण गरिबी खपते. गरिबी तिथे निदान खरी तरी असते. इमानच्या बाबतीत ती बनवून घालावी लागली!

बरं, गोष्ट खोटी होती हे कळल्यावर काय झालं? फारसं काही नाही. तोवर तिचा चेहरा चालायला लागला होता. विल्हेल्मिना ही तेव्हाची मोठी एजन्सी तिला मिळाली, १९७६ मध्ये ‘व्होग’साठी पहिलं शूट झालं. इव्ह साँ लोराँ या फ्रेंच डिझायनरने पुढे आपलं ‘आफ्रिकन क्वीन’ हे कलेक्शन तिला अर्पण केलं. तिथून १९८९ मध्ये मॉडेलिंगमधून बाजूला होईपर्यंत ती जगातल्या पहिल्या फळीतल्या मॉडेल्समध्ये होती. मधे १९८३ मध्ये न्यूयॉर्कमध्ये टॅक्सीला अपघात झाला, चेहऱ्याची हाडं मोडली, शस्त्रक्रिया झाल्या. जिचा चेहरा हेच भांडवल, तिच्या बाबतीत हे! त्यातूनही ती परत कामावर आली.

इथे एक अडचणीचा मुद्दा येतो आणि तो टाळून पुढे जाणं बरं नाही. तिच्या आधी, ऑगस्ट १९७४ मध्ये, बेव्हर्ली जॉन्सन ही पहिली कृष्णवर्णीय स्त्री अमेरिकन ‘व्होग’च्या मुखपृष्ठावर आली होती. इमान आल्यावर या दोघींना एकमेकींसमोर उभं करण्यात आलं. जणू धंद्यात काळ्या मॉडेलसाठी खुर्ची एकच, आता कोण बसणार ते तुम्ही दोघी ठरवा. दूरदेशीची ‘राजकन्या’ आणली की घरच्या मुलींना सांगता येतं, बघा, आम्ही घेतली की एक! अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय स्त्रिया आधीपासून हक्काने काम मागत होत्या. त्यांच्यातले काहीजण इमानवर नाराज झाले, आणि ती नाराजी अगदीच अनाठायी नव्हती. तिचं नाक, तिची जिवणी गोऱ्या संपादकांच्या सौंदर्याच्या कल्पनेत बसत होती, म्हणून तिचा रंग चालवून घेतला गेला, असा तो आक्षेप.

मराठी माणसाला हा आक्षेप समजावून सांगायला नको. लग्नाच्या बैठकीत आपल्याकडे एक वाक्य हमखास ऐकू येतं, ‘रंग सावळा आहे, पण नाकीडोळी नीटस आहे हो.’ त्या ‘पण’मध्ये सगळं आलं. नाक-डोळे म्हणजे रंगाबद्दल भरलेला दंड. इमानला न्यूयॉर्कमध्ये जे मिळत होतं ते याच ‘पण’चं जागतिक रूप होतं.

तिने त्यावर काय केलं, हे बघण्यासारखं आहे. गोऱ्या मॉडेलला जितके पैसे मिळतात तितकेच मलाही हवेत, कमी पैशात काम करणार नाही, ही भूमिका तिने घेतली. नैरोबीच्या रस्त्यावर आकडा सांगणारी मुलगी ती हीच. बेव्हर्ली जॉन्सनशी भांडण न करता तिने मैत्री केली. खूप पुढे, २०१३ मध्ये, बेथअॅन हार्डिसन या जुन्या मॉडेल आणि कार्यकर्तीबरोबर तिने फॅशन शोमध्ये कृष्णवर्णीय मुली घेत नाहीत म्हणून मोठमोठ्या डिझायनर्सना नावानिशी जाब विचारला. म्हणजे ती खुर्चीवर बसली, आणि बसल्या बसल्या म्हणाली, बाकीच्या खुर्च्या कुठायत? उशीर झाला म्हणा हवं तर. पण स्वतःची जागा पक्की झाल्यावर हा प्रश्न विचारणारे लोक तुमच्या ऑफिसात किती आहेत, जरा मोजून बघा.

आता सिनेमा. तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी इमानला पाहिलंय, फक्त नाव माहीत नसेल. मायकल जॅक्सनचा १९९२ चा ‘रिमेंबर द टाइम’ हा व्हिडिओ आठवतो? इजिप्तचा दरबार, सिंहासनावर कंटाळलेली राणी, शेजारी एडी मर्फी. ती राणी म्हणजे इमान. त्याआधी १९७९ मध्ये ऑटो प्रेमिंजरने ग्रॅहम ग्रीनच्या कादंबरीवर ‘द ह्यूमन फॅक्टर’ काढला, त्यात ती नायिका होती. १९८७ च्या ‘नो वे आउट’मध्ये एक भूमिका. आणि १९९१ च्या सहाव्या ‘स्टार ट्रेक’ चित्रपटात ती मार्शिया झाली, हवं ते रूप घेणारी परग्रहवासी.

नट्यांच्या हिशोबात ही कारकीर्द काही थोर नाही. पण यादी नीट वाचली की एक गोष्ट दिसते. १९८५ च्या ‘आउट ऑफ आफ्रिका’चं उदाहरण घ्या. चित्रपट केनियाचा. चित्रीकरण केनियात. सर्वोत्कृष्ट चित्रपटासह सात ऑस्कर. केनियात राहिलेली, तिथल्या विद्यापीठात शिकलेली, जगप्रसिद्ध बाई कलाकारांत आहे आणि तिच्या वाट्याला आहे एक छोटीशी भूमिका. कारण चित्रपट आफ्रिकेतल्या गोऱ्यांचा आहे, आफ्रिका मागे पडद्यासारखी आहे. राणी, गूढ सुंदरी, परग्रहवासी. नैरोबीत राज्यशास्त्र शिकणारी, फीची चिंता करणारी मुलगी मात्र तिला कोणी करायला दिली नाही. पुन्हा तेच. गोष्ट लिहिणारा दुसरा, मग तिच्या वाट्याला शेळ्या नाहीतर सिंहासन. मधलं, माणसासारखं काही नाही.

मग जी जागा तिच्या स्वतःच्या हातात होती तिथे ती काय करत होती? हा भाग मला इंजिनिअर म्हणून सर्वांत जवळचा वाटतो.

पहिल्याच शूटच्या वेळी मेकअप करणाऱ्याने तिला विचारलं, तुझं फाउंडेशन तू आणलंयस का? तिच्या रंगाचं त्याच्याकडे काही नव्हतंच. जे होतं त्याची सरमिसळ करून लावलं, तर चेहरा राखेसारखा दिसायला लागला. त्यानंतर तिने दुकानातून सापडेल ते रंगद्रव्य आणायला सुरुवात केली. घरी मिसळायचं, लावायचं, पोलरॉइडवर स्वतःचा फोटो काढून बघायचं, जमलं नाही तर पुन्हा. जमलेलं मिश्रण जवळ बाळगायचं आणि शूटला घेऊन जायचं. यालाच आपण टेस्टिंग म्हणतो ना? इनपुट बदला, रन करा, आउटपुट बघा. फरक इतकाच की आपल्याला त्याचा पगार मिळतो.

बग नेमका कुठे होता? त्या मेकअपवाल्याला दुष्ट ठरवून काही साधत नाही. त्याच्या पेटीत जे भरलं होतं तेच त्याने वापरलं. बग होता डिफॉल्टमध्ये. त्या काळात फोटो धुताना रंग बरोबर आलेत का ते पाहायला कोडॅक जी संदर्भ-कार्डं देत असे, त्यांवर गोऱ्या बाईचा फोटो असे. ‘शर्ली कार्ड’ म्हणत त्यांना. म्हणजे शर्ली नीट दिसली की रंग बरोबर. काळ्या त्वचेचे बारकावे अंधारात बुडाले तरी मशीनच्या मते सगळं ठीक. फिल्म, प्रकाश, पावडर सगळं एकाच गृहीतकावर बेतलेलं.

आणि हे जुनं झालं असं म्हणायची सोय नाही. २०१८ मध्ये जॉय बुओलामविनी आणि टिमनिट गेब्रू या दोघींनी चेहऱ्यावरून स्त्री की पुरुष ते ओळखणाऱ्या तीन कंपन्यांच्या सॉफ्टवेअरची चाचणी घेतली. उजळ त्वचेच्या पुरुषांच्या बाबतीत चूक जास्तीत जास्त ०.८ टक्के. काळ्या त्वचेच्या स्त्रियांच्या बाबतीत ती ३४.७ टक्क्यांपर्यंत गेली. चाचणी घेणाऱ्यांपैकी गेब्रू मूळची इथिओपियाची, अमेरिकेत आश्रय घेतलेली. म्हणजे इमानच्या पोलरॉइडनंतर चाळीस वर्षांनी पेटी बदलली होती, आत भरलेलं तेच होतं, आणि बग रिपोर्ट पुन्हा आफ्रिकेतून आलेल्या एका बाईलाच फाइल करावा लागला!

१९९४ मध्ये इमानने स्वतःच्या नावाची सौंदर्यप्रसाधनं बाजारात आणली. कल्पना साधी. आफ्रिकन, लॅटिन, आशियाई, ज्या बायकांच्या रंगाची बाटली दुकानात सापडत नाही त्या सगळ्यांसाठी. आपण त्यात आलो बरं का. मग २००७ मध्ये ‘ग्लोबल शिक’ हे कपड्यांचं आणि अॅक्सेसरीजचं कलेक्शन काढलं आणि ते विकायला निवडलं टीव्हीवरचं होम शॉपिंग. ज्या बाईला साँ लोराँने कलेक्शन अर्पण केलं तिने टेलिशॉपिंगवर उभं राहून कपडे विकायचे? फॅशनवाल्यांनी नाकं मुरडण्यासारखंच आहे हे. मला तर यात तिची हुशारी दिसते. बुटीकमध्ये शिरायला धीर लागतो, टीव्ही घरात असतो. आणि अमेरिकेतल्या फॅशन डिझायनर्सच्या परिषदेनेच २०१० मध्ये तिला ‘फॅशन आयकॉन’ पुरस्कार दिला, तेव्हा नाकं जागेवर आली असावीत. :)

यावर कोणी म्हणेल, हे सगळं धंद्यासाठी होतं, त्यात क्रांती कसली? आणि काळ्या बायकांसाठी वेगळं शेल्फ काढलं म्हणजे मूळ शेल्फ गोऱ्यांचं हे मान्यच केल्यासारखं नाही का? दुसरा आक्षेप वजनदार आहे. वेगळं शेल्फ हा वर्कअराउंड होता, फिक्स नव्हता. मूळ शेल्फ हलायला २०१७ उजाडावं लागलं. त्या वर्षी रिहानाने (तीही स्थलांतरितच, बार्बाडोसहून आलेली) एकदम चाळीस छटांचं फाउंडेशन काढलं आणि बाकीच्या कंपन्यांची धावपळ झाली. पण ज्याने प्रॉडक्शनवर काम केलंय त्याला विचारा. वर्कअराउंड चालतो आणि लोक तो वापरतात, हे आकड्यांत दिसल्याशिवाय मूळ कोडला हात लावायला कोणी तयार होत नाही. मधली तेवीस वर्षं कोणीतरी तो वर्कअराउंड चालवून दाखवावा लागतो. आणि धंद्याचं म्हणाल, तर तिने मदतीचा हात मागितला असता तर आपण सगळ्यांनी कौतुकाने डोळे पुसले असते. तिने नफा मिळवला म्हणून शंका येते. हेही त्या शेळ्यांचंच दुखणं आहे.

आपल्याकडच्या शेल्फबद्दल बोलायलाच हवं. ज्या १९७५ मध्ये इमान न्यूयॉर्कला उतरली, त्याच वर्षी मुंबईत मुख्यालय असलेल्या हिंदुस्तान लिव्हरने ‘फेअर अँड लव्हली’ बाजारात आणलं. तिथे एक बाई आपल्या रंगाचं फाउंडेशन मिळावं म्हणून बाटल्या मिसळत होती. इथे, जिथे बहुसंख्य लोकांचा रंग गव्हाळ ते काळा आहे तिथे, रंगच बदलून देतो म्हणणारी ट्यूब घरोघरी गेली. जाहिरातींत तर गोरं झाल्यावर नोकरीसुद्धा लागायची! नावातला ‘फेअर’ जायला २०२० उजाडलं. आणि नाव गेलं म्हणून काय झालं? गोरी, उजळ, निमगोरी, गहूवर्णी, सावळी... आपल्या वधूवर सूचकांची ही शेड कार्डं अजून छापलेलीच आहेत. आपण अल्पसंख्य नसतानाही आपला डिफॉल्ट आपला नाही. इमानच्या पेटीतल्या त्रुटीला निदान वर्णभेदाचं कारण होतं. आपल्याला काय कारण द्यायचं?

एक आहे. इमान ही काही सर्व आफ्रिकन स्थलांतरितांची प्रतिनिधी नव्हे. राजदूताची मुलगी, पाच भाषा, असामान्य रूप. बोटीतून येणाऱ्या, कागदपत्रं नसलेल्या बाईला हे काहीच उपलब्ध नसतं. पण उलटा विचार करा. एवढं सगळं असूनही तिची गोष्ट हिसकावून घेता आली, तर ज्यांच्याकडे यातलं काहीच नाही त्यांच्या गोष्टींचं काय होत असेल?

हे तिला कळत असावं. सियाद बारेची राजवट १९९१ मध्ये कोसळली, यादवी आणि दुष्काळ आला, तेव्हा १९९२ मध्ये ती बीबीसीच्या चमूबरोबर सोमालियात परत गेली आणि तिथल्या परिस्थितीवर माहितीपट केला. डेव्हिड बोवीशी लग्न झालं तेही त्याच वर्षी. गोष्ट कोणी सांगायची याचं महत्त्व ओळखणारी बाई कॅमेऱ्यासमोर गेली, पण या वेळी कुठे जायचं आणि काय दाखवायचं यात तिचा वाटा होता. जग तिला नंतर बोवीची बायको, २०१६ नंतर बोवीची विधवा म्हणून ओळखू लागलं. नवं लेबल, जुनीच खोड.

इमान हे नाव तिच्या आजोबांनी ठेवलेलं. अरबी शब्द आहे, अर्थ श्रद्धा. तोच शब्द आपल्याकडेही आला आणि मराठीत रुळला. इमान, इमानदार, बेइमान, इमानेइतबारे. मराठीत इमान राखतात. शेळ्या न राखलेल्या या बाईने आपल्या खऱ्या गोष्टीशी इमान राखलं, असं मला वाटतं. पहिल्या दिवशी नाही जमलं, खोटी गोष्ट आधी छापून आली. पण नंतर ती प्रत्येक मुलाखतीत न कंटाळता सांगत राहिली: शेळ्या नव्हत्या, विद्यापीठ होतं, मी फी मागितली होती.

मंडळी, आपल्यापैकी कुणाला ‘व्होग’ बोलावणार नाहीये. पण अप्रेझलच्या खोलीत, व्हिसाच्या खिडकीवर, कांदेपोह्यांच्या बैठकीत कोणीतरी आपली गोष्ट आपल्यासाठी तयार ठेवलेली असते. ती बहुतेक वेळा वाईट नसते, उलट गोडच असते. म्हणूनच ती खोडून काढायला जड जातं. तरी खोडावी. आपला आकडा आपणच सांगावा, आणि मिळेपर्यंत सांगत राहावा.